कारण लिहा

अनुसूचित जमाती प्रमाणपत्र तपासणी समितीच्या एका कार्यालयात एक संशोधन अधिकारी होते. त्यांची ख्याती अशी, की अर्जदार दारातून आत येऊन खुर्चीवर टेकेपर्यंत साहेबांना त्याची जमात कळते. खालचा झेरॉक्सवाला हे सांगे, शिपाई सांगे आणि फाटकापाशी घुटमळणारे एजंट तर या ख्यातीवरच पोट भरत. साहेबांसमोर काय बोलायचं, कसं बसायचं, कोणत्या देवाचं नाव घ्यायचं याची शिकवणी ते रोख पैसे घेऊन देत.

वैद्यकीय प्रवेशाच्या तोंडावर एकाच दिवशी दोन प्रकरणं आली, दोन्ही ठाकूर जमातीच्या दाव्याची. हा दावा तपासणं मुळातच जिकिरीचं. ठाकूर म्हणवणारे आदिवासीही आहेत आणि आदिवासी नसलेलेही. जुन्या दाखल्यावर नुसतं 'हिंदू ठाकूर' असलं, की माणूस नेमका कोणातला हे काही उलगडत नाही.

कविता कल्याणच्या चाळीत वाढलेली. साहेबांनी तिला कुलदैवत विचारलं, लग्नातले विधी विचारले, कांबडनाच कधी आणि कसा होतो ते विचारलं. नाच तिनं फोनवर पाहिला होता. बाकी उत्तरं अर्धीमुर्धी. कागदांत वडिलांचा 1978 चा शाळा सोडल्याचा दाखला, त्याआधीचं काहीही नाही. विशालनं मात्र सगळं धडाधड सांगितलं. शिवाय आजोबांचा 1946 चा प्रवेश निर्गम उतारा, मुख्याध्यापकांच्या ताज्या सहीशिक्क्याचा.

संध्याकाळी साहेबांची टिपणी तयार: विशाल वैध, कविता अवैध.

सहआयुक्त मॅडम नव्यानं बदलून आल्या होत्या. त्यांनी विचारलं, "हिच्यावर आक्षेप काय?"

"मॅडम, ती ठाकूर वाटतच नाही."

"तसं फाईलवर लिहा ना."

साहेबांनी पेन काढलं. 'राहणीमान' लिहिलं आणि खोडलं. 'पेहराव' मनातच खोडला. मग म्हणाले, "पण जात प्रमाणपत्र कायद्याचं कलम 8 आहे की. जमात सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची."

"आहे. पण आपला संशय काय आहे हे सांगितल्याशिवाय तो तिनं खोडायचा कसा? आणि आजी-आजोबांनी वाडी सोडली त्याला दोन पिढ्या झाल्या. चाळीत वाढलेल्या मुलीला नाच येत नाही, म्हणून तिचे पूर्वज बदलत नाहीत. चालीरीती विचारण्याच्या या आप्तभाव चाचणीवरच सगळा निकाल टाकू नका, असं सर्वोच्च न्यायालयानं 2023 मध्ये ठाकूर जमातीच्याच प्रकरणात सांगितलंय."

अखेर टिपणीत एवढंच कारण उरलं: 1950 पूर्वीचा पुरावा नाही, मूळ गावी चौकशी करावी. मॅडमनी दुसरी फाईल ओढली. "आता याच्याबद्दल आपलं समाधान का झालं, तेही लिहा." साहेबांनी उताऱ्याकडे बोट दाखवलं. मूळ नोंदवही कोणी पाहिली का, या प्रश्नावर ते गप्प राहिले. तीही फाईल कारण नोंदवून दक्षता पथकाकडे गेली.

ही वाट मॅडमच्या मनची नव्हती. 1994 च्या माधुरी पाटील निकालात ती आखून दिलेली आहे: पथकानं मूळ गावी जायचं, कागद आणि माणसं दोन्ही पाहायची; दावा संशयास्पद ठरला तर अहवालाची प्रत नोटिशीबरोबर अर्जदाराला द्यायची आणि मग त्याचं ऐकून घ्यायचं. तो खटलाही वैद्यकीय प्रवेशातूनच निघाला होता.

पथक कर्जत तालुक्यातल्या वाडीवर गेलं. कविताच्या आजोबांची थोरली बहीण ओसरीवर बसली होती. पोलीस निरीक्षकांनी नुसतं आडनाव काढलं, तर म्हातारी म्हणाली, "धाकल्याचा पोर कल्यानला ऱ्हातो, त्याची ना ही पोर?" आणि तिनं बापापासून सगळी नावं ओळीनं सांगितली. शपथपत्रातल्या वंशावळीशी ती जुळली. तहसीलच्या अभिलेख कक्षात कोतवाल बुकं निघाली, मोडी वाचणारा गाठला. 1937 च्या पानावर म्हातारीच्याच जन्माची नोंद होती; जातीच्या रकान्यात 'म ठाकूर', म्हणजे आदिवासी ठाकूरांचीच एक शाखा.

विशालच्या आजोबांच्या शाळेत नोंदवही मिळाली. त्या ओळीत दोन शाया होत्या आणि 'ठाकूर' शब्दाखालचा कागद खरवडलेला.

आता साहेब चिडले. "सरळ अवैध करा, मॅडम. याला कसली सुनावणी द्यायची?"

माझ्या मते गोष्टीतली अवघड जागा ही. गरीब, खऱ्या मुलीला न्याय द्यायला कोणीही पुढे येतं. लबाडी उघडी पडल्यावरही समोरच्याचं ऐकून घ्यायला अंगात शिस्त लागते. मॅडमनी अहवालाची प्रत विशालला दिली, उत्तरासाठी पंधरा दिवस दिले. सुनावणीत त्याचे वडील म्हणाले, नोंद मुख्याध्यापकांनीच दुरुस्त केली. दुरुस्तीचा आदेश मागितला, तो नव्हता. त्यांचं म्हणणं त्यांच्याच शब्दांत लिहून घेऊन खाली सही घेतली. मुलगा मान खाली घालून बसला होता. त्याला यातलं किती ठाऊक होतं, देव जाणे.

कविताचं वैधता प्रमाणपत्र शेवटच्या फेरीआधी निघालं. विशालचा दावा फेटाळला, राखीव जागेवरचा त्याचा तात्पुरता प्रवेश रद्द झाला.

वडील उच्च न्यायालयात गेले. याचिकेतला मुख्य मुद्दा एकच होता: आमचं ऐकून न घेता निर्णय दिला. सरकारी वकिलांनी फाईल उघडली. नोटिशीची पोच होती, अहवालाची प्रत मिळाल्याची सही होती, सुनावणीचा वडिलांच्या सहीचा जबाब होता आणि आदेशात प्रत्येक मुद्द्यापुढे कारण लिहिलेलं होतं. याचिका फेटाळली गेली.