अमळनेरचा वाद आणि धुळ्याचे प्रवचन

तत्त्वज्ञान सामान्य वाचकापर्यंत न्यायचे म्हणजे त्यातला अवघड भाग गाळायचा, अशी समजूत मराठीत चांगलीच रुजली आहे. ती कितपत खरी, हे पाहायचे तर खानदेशाकडे वळावे. कारण १९३२-३३ च्या सुमारास अमळनेर आणि धुळे या शेजारच्या दोन गावांत वेदान्ताचे काम एकाच वेळी, पण अगदी निराळ्या रीतीने चालले होते.

अमळनेरला गिरणीमालक श्रीमंत प्रतापशेठ यांनी १९१६ साली तत्त्वज्ञान मंदिर स्थापन केले. शांकर अद्वैताचे संशोधन हे त्याचे मुख्य प्रयोजन असून, तरुण अभ्यासकांना तेथे राहून अध्ययन करता यावे म्हणून शिष्यवृत्तीची सोय होती. घ. र. मलकानी, रासविहारी दास आणि टी. आर. व्ही. मूर्ती या तेथील तीन अभ्यासकांचा 'अज्ञान' हा इंग्रजी ग्रंथ १९३३ साली लंडनहून निघाला. ब्रह्म हेच एकमेव सत्य असेल तर अनेकत्व भासते कशामुळे, या प्रश्नाला अद्वैताचे उत्तर 'अज्ञानामुळे' असे आहे; पण मग ते अज्ञान कोणाचे, ही खरी अडचण. जीवाचे म्हणावे, तर जीवपण हेच अज्ञानाचे फळ. ब्रह्माचे म्हणावे, तर ते ज्ञानस्वरूप. सखाराम महाराजांच्या वारीची परंपरा असलेल्या त्या गावात हा पेच ज्यांना उमगला असता असे श्रोते कमी नव्हते. मात्र वाद इंग्रजीत झाला आणि त्यांच्या कानांवर गेलाच नाही.

धुळ्यात याच्या नेमके उलटे घडले. सविनय कायदेभंगात शिक्षा झालेल्या विनोबांनी तेथील तुरुंगात २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात, दर रविवारी एक याप्रमाणे, गीतेच्या अठरा अध्यायांवर अठरा प्रवचने दिली आणि ती साने गुरुजींनी टिपून घेतली. गुरुजी स्वतः काही काळ अमळनेरच्या तत्त्वज्ञान मंदिरात राहिलेले, पुढे तेथल्याच प्रताप हायस्कुलात शिक्षक झालेले. म्हणजे दोन्ही ठिकाणांचे वारे ज्यांना लागले अशा थोड्या माणसांपैकी ते एक होत. 'गीता प्रवचने' हे पुस्तक त्या टिपणांतून झाले आणि भारतीय भाषांत ते दूरवर गेले.

या पुस्तकाचे बळ कोठे आहे, हे चौथ्या अध्यायावरील प्रवचनात दिसते. कर्म, विकर्म आणि अकर्म ही गीतेची त्रयी. कर्म म्हणजे स्वधर्माची बाह्य क्रिया, विकर्म म्हणजे त्या क्रियेला मनाची जोड आणि अकर्म म्हणजे या दोहोंच्या मेळातून येणारी, कर्म करूनही कर्माचा भार न उरण्याची स्थिती, असे विनोबा सांगतात. आणि त्यासाठी शंकराच्या पिंडीवरील अभिषेकाचा दाखला देतात, ज्यात पाण्याच्या धारेबरोबर चिंतनाची धार चालली नाही तर पूजा कोरडीच राहते. लिहिता-वाचता न येणाऱ्या श्रोत्यालाही हे पटते, कारण अनुभव त्याच्या घरचा आहे.

पण येथेच एक उणीव आहे, आणि विनोबांविषयीच्या आदरापोटी तिच्याकडे काणाडोळा करण्याचे कारण नाही. शंकराचार्यांच्या भाष्यात विकर्म म्हणजे निषिद्ध, शास्त्राने मना केलेले कर्म. ज्ञानेश्वरीत याच ठिकाणी वर्णाश्रमाला उचित असे विशेष विहित कर्म येते आणि निषिद्धाचा उल्लेख त्यानंतर वेगळा होतो. विनोबांची वाट ज्ञानेश्वरांच्या जवळची असली तरी मनाच्या जोडीवरचा भर त्यांचा स्वतःचा आहे. एकाच शब्दाचा अर्थ 'वर्ज्य' लावणे आणि 'आवश्यक' लावणे यांत आचाराच्या दृष्टीने केवढे अंतर पडते! प्रवचन त्या वादात शिरत नाही. तुरुंगातल्या श्रोत्यांपुढे ते योग्यच होते. साधनेसाठी ऐकणाऱ्याला निश्चित वाट हवी असते. छापील पुस्तकाच्या वाचकाची गरज मात्र वेगळी आहे. पूर्वपक्ष, म्हणजे खंडनाआधी प्रामाणिकपणे मांडायचे विरुद्ध मत, हा भारतीय दर्शनांचा प्राण. तो वगळून दिलेले तत्त्वज्ञान वाचकाला अनुयायी करते, विचार करायला शिकवत नाही.

तेव्हा अवघडपणाचा दोष विषयाच्या माथी मारणे ही लेखकाची पळवाट आहे. वाचकाला जड जातात ते न उलगडलेले पारिभाषिक शब्द. मतभेद त्याला जड जात नाही, उलट भाऊबंदकीपासून ग्रामपंचायतीपर्यंत दोन्ही बाजू ऐकून निवाडा करण्याची त्याला सवयच असते. दे. द. वाडेकरांच्या संपादनाखाली १९७४ साली निघालेल्या 'मराठी तत्त्वज्ञान महाकोशा'ने परिभाषेची सोय करून ठेवली आहे. परंतु कोश शोधायला असतो, सलग वाचायला नव्हे. खानदेशातील महाविद्यालयांच्या तत्त्वज्ञान विभागांनी गीतेचा हा चौथा अध्यायच हाती घ्यावा आणि शंकराचार्य, ज्ञानेश्वर, टिळक व विनोबा यांचे अर्थ शेजारी-शेजारी ठेवून, कोणता मानावा हे न सांगता, शंभर पानांचे एक मराठी पुस्तक काढावे.