उंचावरचा विळा

जुन्नर-आंबेगावकडच्या एखाद्या शेतकऱ्याच्या घरी दिवेलागणीला जा. शेतावरून आलेली बाई आधी विळा जागेवर ठेवते, मग पाय धुते. विळा उंबऱ्यात पडलेला कधी दिसत नाही. पत्र्याखालच्या वाशात, उंचावर खोचलेला असतो. फवारणीच्या औषधाची बाटलीही वरच्या फळीवर, मागे सारलेली. याचे धडे तिला कुणी दिलेले नसतात. घरात रांगतं पोर असतं, तेवढं पुरतं. ज्याला धार आहे ते पोराच्या हाती लागू नये, ही तिची रोजची काळजी. इतकी रोजची, की तिलाही ती आता जाणवत नाही.

याच घरांत हल्ली एक बोलणं ऐकू येतं, “बंदूक घ्यायला पाहिजे.” त्यामागची भीती खरी आहे. धरणांचं पाणी आलं, ऊस वाढला आणि बिबट्यानं उसातच घर केलं. 2025 च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात शेजारच्या शिरूर तालुक्यात पिंपरखेड-जांबूत भागात तीन जीव गेले. त्यात एक पाच वर्षांची मुलगी होती. बायका गळ्यात खिळ्यांचे पट्टे बांधून शेतात जाऊ लागल्या. अशा वेळी बंदूक मागणाऱ्याला नावं ठेवू नयेत. पण बिबट्या सहसा समोरून चालून येत नाही. वाकलेल्या, बसलेल्या माणसावर तो मागून झेपावतो. बंदूक खांद्याला लागेपर्यंत व्हायचं ते होऊन गेलेलं असतं. शिवाय बंदुकीचा परवाना म्हणजे बिबट्या मारायचा परवाना नाही. जिवावरच बेतलं तर गोष्ट वेगळी. एरवी नरभक्षक ठरलेल्या बिबट्यालाही मारायची परवानगी मुख्य वन्यजीव रक्षकच देऊ शकतात. पिंपरखेडचा बिबट्याही अशी परवानगी घेऊनच वनखात्याच्या पथकानं मारला.

बिबट्या अंगणात येईल तो एखाद्या रात्री. बंदूक मात्र घरात तीनशे पासष्ट दिवस असते. सुट्टीत भाचरं येतात आणि कपाटं उघडून बघतात, त्या दुपारीही ती असते. बांधावरून भावाभावांत शब्दाला शब्द लागतो, त्या संध्याकाळीही असते. बाजार पडतो, टोमॅटोच्या वाहतुकीचा खर्चही अंगावर येतो आणि घरधनी न जेवता पडून राहतो, त्या रात्रीही असते. अमेरिकेत पुष्कळ घरांत बंदुका आहेत. तिथं बंदुकीनं होणाऱ्या मृत्यूंपैकी निम्म्याहून अधिक आत्महत्या असतात. बाहेरच्या भीतीपायी आणलेली वस्तू अशी घरातल्याच माणसावर उलटते. राग तासाभरानं उतरतो. रात्री डोंगराएवढं वाटलेलं दुःख सकाळी चहाच्या कपाबरोबर थोडं हलकं होतं. मधला तेवढा वेळ मात्र माणसाला मिळायला हवा. कपाटाचं कुलूप तो वेळ मिळवून देतं.

म्हणून ज्यांच्याकडे परवान्याची बंदूक आहे, त्यांनी तिला विळ्याचाच नियम लावावा, जरा अधिक कडक. बंदूक रिकामी करूनच ठेवायची. काडतुसं दुसऱ्या कपाटात. दोन्हींना कुलूप, आणि किल्ली खुंटीवर टांगायची नाही. “रिकामीच आहे” या शब्दावर विसंबून कुणाकडे गमतीनंही रोखायची नाही. घरात कुणाचं मन ठिकाणावर नसेल, तर काही दिवस ती घराबाहेर, कायदेशीर ताब्यात ठेवण्याची सोय बघायची. निवडणुकीची आचारसंहिता लागली की कित्येकांना बंदूक पोलीस ठाण्यात जमा करावीच लागते. ते दिवसही निघतातच ना! ज्यांच्याकडे बंदूक नाही, त्यांनीही स्वतःला उघडं पडलेलं समजू नये. हातात बॅटरी आणि घुंगराची काठी, मोबाईलवर मोठ्यानं गाणं, रात्रीच्या पाण्याला एकट्याऐवजी दोघं, अंधार पडायच्या आत पोरं घरात. या साध्या सवयी रोज उपयोगी पडतात.

आज कामाला निघण्याआधी दोन मिनिटं घरातून एक फेरी मारा. नजर पोराच्या उंचीवर ठेवा. विळा, औषधाची बाटली, कपाटाची किल्ली, काय हाताला लागतंय ते बघा. लागत असेल ते उचला, वर ठेवा, कुलूप ओढून बघा. मग निघा.