कवटीतले जव

म्हैसूरच्या मंडी मोहल्ल्यात आमच्या घराजवळ काष्ठौषधींचं एक जुनं दुकान आहे. पुढे उघड्या पोत्यांत हिरडा, वावडिंग, ज्येष्ठमध. मागच्या फळीवर मागितल्याशिवाय न दाखवायचा माल: पांढऱ्या रुईचं मूळ, गुंजा, दारावर बांधायच्या मुळ्या. एकदा मी मालकांना विचारलं, "या मुळीनं बाधा टळते, हे तुम्हाला खरं वाटतं?" ते म्हणाले, "मी वजन खरं देतो, सर."

अभ्यासकाची नीतीही हीच असावी, असं मला बरीच वर्षं वाटत होतं. याच शहरातल्या प्राच्य ग्रंथालयात आर. शामशास्त्री ग्रंथपाल होते. तंजावर भागातल्या एका पंडितानं दिलेल्या ताडपत्रांत त्यांना कौटिल्याचं 'अर्थशास्त्र' सापडलं. १९०९ मध्ये त्यांनी ते छापलं, १९१५ मध्ये इंग्रजी भाषांतर ग्रंथरूपानं आणलं. पुढे मुंबई विद्यापीठासाठी र. पं. कंगले यांनी त्याची चिकित्सक आवृत्ती १९६० मध्ये सिद्ध केली, मग भाषांतर आणि विवेचनही. करवसुली, हेर, तह यांच्या या ग्रंथात चौदावं अधिकरण मात्र विषारी धुरांचं, अंधारात दिसावं म्हणून घालायच्या अंजनांचं आणि जादूच्या वनस्पतींचं आहे. दोघांनीही ते गाळलं नाही. विश्वास असो वा नसो, त्यांनी वजन खरं दिलं.

त्यातली एक कृती माझ्या मनातून जात नाही. तीन रात्री उपास करावा. पुष्य नक्षत्रावर, शस्त्रानं मारलेल्या किंवा सुळावर दिलेल्या माणसाच्या कवटीत माती घालून जव पेरावेत, मेंढीच्या दुधानं शिंपावेत. उगवलेल्या जवांची माळ घातली की माणूस सावलीसकट अदृश्य होतो.

हे खरं आहे का, एवढंच मी विचारत असे, आणि उत्तर सोपं होतं. नंतर लक्षात आलं, कृतीत नक्षत्र आहे, उपास आहे, दूधसुद्धा कोणाचं ते आहे. कवटी कोणाची, ते नाही. माळ घालणारा अदृश्य झाला की नाही कोण जाणे. ज्याच्या डोक्यात जव उगवले तो मात्र कधीच अदृश्य झाला होता. हे प्रयोग अधर्मी लोकांवरच करावेत, असं त्या अधिकरणाच्या आरंभी बजावलं आहे. पण सुळावर गेलेल्यालाही कुणीतरी आधी अधर्मीच ठरवलं असणार.

म्हणजे जुन्या ग्रंथाला आजच्या न्यायासनासमोर उभं करायचं का? तसं मला म्हणायचं नाही. शब्द जसेच्या तसे राहावेत. पण शब्दांचं वजन खरं दिलं म्हणजे काम संपलं, असं आता म्हणवत नाही.

कारण ही कृती जुनी झालेली नाही. 'हाथाजोडी' नावाची मुळी भाग्य उजळतं म्हणून देशभर विकली जात होती. जोडलेल्या दोन हातांसारखी, दुर्मीळ झाडाची म्हणून. २०१७ मध्ये वन्यजीव रक्षकांनी उघड केलं की ती मुळी नव्हेच; घोरपडीच्या नराचं वाळवलेलं जननेंद्रिय आहे. घोरपड कायद्यानं संरक्षित. 'भाग्य उजळतं का' एवढ्यावरच वाद घालणारे आपण, श्रद्धाळू आणि नास्तिक दोघेही, त्या प्राण्याला बघत नव्हतो. जादू खरी की खोटी या भांडणाआड तिची किंमत मोजणारा लपतो.

गेल्या आठवड्यात मी पुन्हा दुकानात गेलो. रुईच्या मुळाकडे बोट दाखवून या वेळी वेगळं विचारलं: "हे कोण खणून आणतं?"

मालक जरा थांबले. "एच. डी. कोटेकडून एक म्हातारा येतो. वीस वर्षं झाली."

"नाव काय त्याचं?"

त्यांनी तराजूकडे पाहिलं. "ते मी कधी विचारलं नाही, सर," म्हणाले. आणि मग, "आता आला की विचारतो."