ठाऊक असणे आणि सांगितले जाणे

तत्कालीन म्हैसूर राज्यातील एक अधिकारी के. मंचेगौडा यांच्यावर खोटे भत्ते उचलल्याचा आरोप होता. चौकशी अधिकाऱ्याने पदावनती सुचविली. सरकारने बडतर्फ केले, आणि त्यासाठी पूर्वीच्या शिक्षांचा आधार घेतला. कारणे दाखवा नोटिशीत मात्र त्यांचा उल्लेख नव्हता. स्वतःचा पूर्वेतिहास ज्याचा त्याला ठाऊक असतोच, मग तो कळवायचा कशाला? युक्तिवाद वरवर बिनतोड वाटतो. सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये तो फेटाळला, आणि योग्यच केले. भूतकाळ ठाऊक असणे वेगळे. तोच आज आपल्याविरुद्ध तराजूत पडणार आहे हे ठाऊक असणे वेगळे. जुन्या शिक्षेविषयीही सांगण्याजोगे काही असू शकते. ते पटले असते की नाही, हा प्रश्नच न्यायालयाने गौण मानला. संधी दिली होती का, एवढेच पाहिले.

शिक्षेविषयीची ही दुसरी संधी १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३११ मधून वगळली. पुढे १९९३ मध्ये, करुणाकर खटल्यात, चौकशी अहवालाची प्रत देणे बंधनकारक ठरले. परंतु ती न दिल्याने निकालात काही फरक पडला असता, तरच शिक्षेचा आदेश रद्द व्हावा, असेही ठरले. व्यवहाराच्या दृष्टीने हे समंजस आहे. तरीही न ऐकलेल्या बोलण्याचे वजन न ऐकताच कसे करावे, ही अडचण १९६३ च्या निकालाने टाळली होती. येथे ती परत आली आहे.