मागेल त्याला काम

आपल्या भाषेत ‘मागणे’ हे एकच क्रियापद भिकाऱ्यालाही चालते आणि सावकारालाही. दारात उभा राहून पसाभर जोंधळे मागतो तोही मागतो, आणि वायदा टळला म्हणून ओसरीवर ठिय्या देऊन बसतो तोही मागतोच. फरक काय तो मानेत असतो. एकाची खाली, दुसऱ्याची वर. पहिल्याला ‘पुढे जा बाबा’ म्हणता येते. दुसऱ्याला तसे म्हणायची कुणाची छाती होत नाही.

हे कोडे मला पडले ते एका सरकारी योजनेच्या घोषवाक्यावरून. ‘मागेल त्याला काम’ हे शब्द माझ्या पिढीने लहानपणापासून इतके ऐकले आहेत की, त्यांचा अर्थ विचारावा असे कुणाला वाटतच नाही. यातला मागणारा कोण? भिकारी की धनको?

ज्यांच्या घरी सत्तरी गाठलेले कुणी वडीलधारे असेल, त्यांनी फराळाच्या ताटावर १९७२ च्या दुष्काळाचा विषय काढून पाहावा. सुकडी, मिलो नावाची तांबडी परदेशी ज्वारी आणि भर उन्हात खडी फोडणाऱ्या बायांच्या रांगा आल्याशिवाय ती गोष्ट पुढे सरकत नाही. १९७३ च्या उन्हाळ्यात दुष्काळी कामांवरची माणसे ५० लाखांच्या घरात गेली होती. त्याआधी, साठीच्या दशकात, विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्या कल्पनेतून सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात एक प्रयोग झाला होता. जो अंगमेहनतीचे काम मागेल त्याला ते द्यायचे. पात्र कोण, अपात्र कोण, हे पाहत बसायचे नाही. दुष्काळाने ती कल्पना राज्यभर नेली, १९७७ साली तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. मागितल्यापासून १५ दिवसांत काम दिले नाही तर बेकारी भत्ता द्यावा, असे त्यात होते. दुष्काळात दया करणारी सरकारे पुष्कळ होऊन गेली. पण ‘दिले नाही तर मी थकबाकीदार’ असे स्वतःच्या सहीने लिहून देणारे सरकार म्हणजे त्या काळी नवलच होते.

यासाठी पैसा कोठून आणायचा? त्याची तरतूद म्हणून १९७५ साली व्यवसाय कर बसवला. जेवढा कर जमेल तेवढीच भर सरकारने आपल्या पदरची घालायची, असेही ठरले. हा कर माझ्या पगारातून दरमहा २०० रुपये कापला जातो, फेब्रुवारीत ३००, वर्षाचे २५००. पगारदार वाचकांच्या पगारपत्रकातही तो रकाना असेल. त्याला खडीची धूळ लागलेली आहे, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. (जाता जाता एक सांगतो. राज्यघटनेने या कराला घातलेली २५०० रुपयांची मर्यादा १९८८ पासून जागची हललेली नाही. तेव्हापासून पगार किती पटींनी वाढले, याचा हिशेब ज्याने त्याने करावा. महिना दोन लाख मिळवणारा साहेब आणि खेड्यातला मास्तर इथे तेवढे एका पंक्तीला बसतात.)

आमच्या शाळेत, शिक्षकांच्या खोलीत, या कराची गोष्ट निघाली की दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, हा दानधर्म आहे, आणि दान घेणारे आळशी होतात. इकडची माती तिकडे टाकतात नि हजेरी लावतात. पहिल्या पावसात वाहून गेलेले बांध मीही पाहिले आहेत. पण याच योजनेतून १९९० नंतर कोरडवाहू शेतांवर उभ्या राहिलेल्या फळबागाही पाहिल्या आहेत. आणि मे महिन्यात दुपारी टिकाव चालवणाऱ्याला पंख्याखाली बसून आळशी म्हणायचे, याला एक वेगळीच हिंमत लागते. दुसरा पक्ष अधिक चतुर आहे. तो म्हणतो, हा विमा आहे. खेड्यातला उपाशी माणूस मुंबईच्या फुटपाथवर येऊ नये म्हणून शहराने भरलेला हप्ता! यात तथ्य असेलही. परंतु हेतू स्वार्थाचा होता म्हणून चूल पेटली ती खोटी ठरत नाही.

मला हे दोन्ही पक्ष पटत नाहीत, कारण दोघेही ‘आपले पैसे’ या शब्दांपासून सुरुवात करतात. पाऊस पडो न पडो, माझा पगार होतो. मृग कोरडा गेला म्हणून मुख्याध्यापकांनी कधी पगार रोखला नाही. ही निश्चिंती मी काही घाम गाळून कमावलेली नाही. ती राज्याने केलेल्या वाटणीत माझ्या ताटात पडली. ज्यांच्या ज्वारी-तुरीवर हे राज्य जेवते, त्यांच्या ताटात त्याच वाटणीत आभाळ पडले. एकाच घरातल्या दोन भावांची अशी वाटणी झाली असती, तर पंचांनी ती मोडली असती. काम मागायला येतो तो माणूस त्या निश्चिंतीतला आपला वाटा मागत असतो. म्हणून तो धनको आहे, असे मी म्हणतो.

आता कचेरीत काय चालते ते पाहा. काम मागण्याचा एक छापील नमुना असतो. तो भरून दिला की तारखेची पोच मिळायला हवी, आणि पोच मिळाली की १५ दिवस मोजायला सुरुवात. म्हणून कित्येक ठिकाणी पोचच दिली जात नाही. ‘ठेवून जा, बघू’ असे गोड शब्दांत सांगितले जाते. मागणारा खालमानेने परत फिरतो. कायद्याने धनको केलेला माणूस एका चिठोऱ्याअभावी पुन्हा भिकारी होतो.

२००५ साली संसदेने साऱ्या देशासाठी असाच कायदा केला. त्यात वर्षाला १०० दिवसांची हमी होती. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने त्याच्या जागी नवा कायदा मंजूर केला. दिवसांचा आकडा १२५ झाला, पण पेरणी-कापणीच्या हंगामात मिळून ६० दिवस कामे बंद ठेवण्याची तरतूद आली आणि आपल्यासारख्या राज्यांवर खर्चातला १०० पैकी ४० रुपयांचा भार आला. शेतात मजूर मिळत नाहीत, ही शेतकऱ्याची तक्रार खोटी नाही. तरीपण घेणेकरी दाराशी आला असता ‘सुगीनंतर या’ म्हणण्याची युक्ती सावकारीच्या दुनियेत फार जुनी आहे.

आणि सुगीनंतर तो सापडतो कुठे? दिवाळी सरली की आमच्या भागातून ऊसतोडीचे ट्रॅक्टर निघतात. नवराबायकोच्या जोडीला तिकडे ‘एक कोयता’ म्हणतात. माणसांना हत्याराचे नाव! मुले आजीपाशी राहतात, हंगामी वसतिगृहात राहतात, नाहीतर ट्रॅक्टरवर भांड्यांशेजारी बसतात. गावात काम मिळण्याची हमी असताना ही माणसे का जातात, असे मी एका पालकाला विचारले. तो म्हणाला, ‘मास्तर, सरकार काम झाल्यावर पैसे देतंय, तेबी कधी ते सांगत न्हाई. मुकादम आधी उचल देतोय.’ मुलीचे लग्न, आईचे आजारपण, दुकानाची उधारी, सगळे त्या उचलीत भागते आणि सहा महिने गहाण पडतात.

मुकादम कुणी मागायची वाट पाहत नाही. तो दसऱ्याच्या आधीच उंबऱ्यावर येऊन बसतो. राज्यानेही तसेच करावे असे मला वाटते. ग्रामसेवकाने त्याच घरी मुकादमाच्या आधी जावे, नमुना तिथेच भरून घ्यावा, पोच हातात ठेवावी आणि पहिल्या दोन आठवड्यांची मजुरी आगाऊ मोजावी. तिजोरीत पैसा नाही म्हणाल, तर माझ्या पगारपत्रकातला तो रकाना थोडा रुंद करायला माझी हरकत नाही. घटनेतला २५०० चा आकडा तेवढा संसदेने बदलावा.