सही केली, तर साक्षही द्यावी

॥ श्री गुरुमाऊली प्रसन्न ॥



कामरेजला हायवेकडच्या जमिनींचे भाव चढले, तशी भांडणंही वाढली. आमचे यजमान एका बानाखतावर (आपलं साठेखत) साक्षीदार आहेत. आता विकणारे भाऊ कोर्टात म्हणतात, "सही माझी नाहीच!" भाऊ आमचे शेजारी, घेणारा परका.

वकिलांनी समजावलं. नुसत्या साठेखताने मालकी मिळत नाही, खरेदीखत करून मागता येतं. सही नाकारली की ती सिद्ध करायची जबाबदारी घेणाऱ्यावर. साक्षीदार, बँकेची नोंद, अक्षरतज्ज्ञ, हे लागतं. शिवाय उरलेले पैसे द्यायला आपण तयार होतो, हेही १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टप्रमाणे दाखवावं लागतं.

आम्हाला वाटलं, कशाला वैर? साक्षीभावाने गप्प राहू. पण सत्संगात बसलो आणि मनाला टोचलं. साक्षीभाव म्हणजे आपल्याच भीतीकडे, लोभाकडे अलिप्तपणे पाहणं. दुसऱ्याचं बुडताना बघत बसणं नव्हे. आमचं मौन इथे खोट्यालाच हात देतंय.

यजमान कोर्टात जातील. डोळ्यांनी पाहिलं तेवढंच सांगतील, ना जास्त ना कमी. भाऊंना आम्ही घरी जाऊन आधीच सांगितलं. त्यांनी चहाही विचारला नाही. वाईट वाटलं, पण रात्री झोप शांत लागली.

आपल्या घरातही कुणाची अशी सही असेल, तर विचार करावा.

॥ शुभं भवतु ॥