पिंजरा टांगणाऱ्याची जबाबदारी

श्रीरामपूर तालुक्यात ज्वारीची कणसे भरू लागली की शेतकरी गोफण घेऊन राघूंचे थवे उठवतो. त्याच तालुक्यातल्या कितीतरी ओसऱ्यांवर एखादा राघू पिंजऱ्यात बसलेला असतो. त्याला पेरूची फोड मिळते, भिजवलेली डाळ मिळते, पाहुणे आले की 'मिठू मिठू' म्हणून दाखवावे लागते. शेतात नकोसा असलेला पक्षी घरात लाडका होतो आणि दोन्हीकडे कुणाला काही वावगे वाटत नाही. ओसरीवरचा हा राघू पाळणे गुन्हा आहे असे सांगितले, तर बहुतेक घरांत लोक आधी हसतील. मग विचारतील, "आम्ही काय त्याला मारतो का?"

हा प्रश्न प्रामाणिक आहे, म्हणून त्याचे उत्तरही नीट दिले पाहिजे.

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम 1972 सालचा. या कायद्याने शिकारीची व्याख्या बंदुकीपुरती ठेवलेली नाही. रानातला प्राणी पकडणे, त्याला फासात अडकवणे, पक्ष्यांची अंडी किंवा घरटी विस्कटणे, हे सगळे त्यात शिकारच आहे. आपला हिरवा, लाल कंठाचा पोपट या कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीत येतो. तो बाळगल्यास तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. पहिल्या अनुसूचीतल्या प्राण्यासाठी शिक्षा तीन ते सात वर्षांची आणि दंड किमान पंचवीस हजारांचा. घरात ठेवले की भरभराट होते म्हणून चोरून विकले जाणारे चांदणी कासव याच पहिल्या अनुसूचीत आहे. बिबट्याही त्यातच.

इथे वाचक एक विसंगती दाखवील. गावातला राघू पाळला तर गुन्हा, आणि शहरातल्या बंगल्यात दक्षिण अमेरिकेतला लाखाच्या घरातला मकाव चालतो, तो कसा? विसंगती होती हे मान्य केले पाहिजे. 1972 चा कायदा देशी प्राण्यांसाठी झाला. विदेशी प्राणी सीमेवर अडवायचे काम सीमाशुल्क खात्याकडे. पण एकदा तो घरात पोचला की या कायद्याचा हात तिथे जात नव्हता. धोक्यात आलेल्या जिवांच्या व्यापारावर बंधने घालणाऱ्या 'साइटीस' या आंतरराष्ट्रीय करारात भारत 1976 मध्ये सामील झाला, तरी घरातल्या मकाववर किंवा इग्वानावर खरे बंधन यायला 2022 ची दुरुस्ती यावी लागली. ती 1 एप्रिल 2023 पासून लागू झाली. साइटीसच्या यादीतल्या प्राण्यांसाठी तिने चौथी अनुसूची केली. 28 फेब्रुवारी 2024 रोजी नियम निघाले आणि असा प्राणी ज्याच्याकडे असेल त्याने सहा महिन्यांत 'परिवेश' पोर्टलवर नोंद करावी असे ठरले. पिल्ले झाली, प्राणी दुसऱ्याला दिला, तो मेला, तरी कळवायचे. कुत्रा, मांजर किंवा बजरीगर पाळणाऱ्याच्या दाराशी हा कायदा येत नाही. माणसाच्या सोबतीने पिढ्यान्‌पिढ्या वाढलेला प्राणी आणि रानातून ओढून आणलेला प्राणी यांत तो भेद करतो, आणि तो योग्यच आहे.

आता कारणांकडे येऊ, कारण कारण पटल्याशिवाय कायदा पाळला जात नाही, फक्त चुकवला जातो.

पहिले कारण पिंजऱ्याच्या मागचे आहे. पोपटाचे पिल्लू झाडाच्या ढोलीतून, डोळे नीट उघडायच्या आतच काढले जाते. ढोली फोडली की पुढच्या वर्षीचे घरटेही गेले. टोपलीत किंवा पोत्यात कोंबलेल्या पिल्लांतली काही वाटेतच मरतात. उरलेल्यांचे पंख कातरले जातात. ओसरीपर्यंत पोचतो तो वाचलेला एक. आपण त्या एकाला पेरू देतो आणि दयाळू ठरतो. चोरीचे दागिने घेणारा सोनार "मी कुठे घर फोडले?" असे म्हणून सुटत नाही, तसेच हे आहे. विकत घेणारा आहे म्हणून ढोली फोडली जाते.

दूर देशांतून येणाऱ्या प्राण्यांचे हाल याहून वाईट. 2025 च्या जूनच्या सुरुवातीला मुंबई विमानतळावर थायलंडहून आलेल्या एका प्रवाशाच्या सामानात 47 विषारी साप आणि 5 कासवे सापडली. त्यांत इंडोनेशियातले चव्वेचाळीस साप होते. रानटी जीव कपड्यांच्या बॅगेतून या देशात येतो, कारण इथे त्याचा फोटो टाकून मिरवणारे गिऱ्हाईक बसलेले असते.

दुसरे कारण प्राण्याच्या स्वभावाचे. आपल्या जिल्ह्याला हे वेगळे समजावून सांगायची गरज पडू नये. ऊसतोडीच्या हंगामात फडात बिबट्याची पिल्ले सापडतात. कुणी उचलून मांडीवर घेतो, कुणी घरी नेतो, मोबाइलवर फोटो फिरतात. मादी रात्री फडात पिल्लांना शोधते, ती न सापडल्याने बिथरते आणि त्याची किंमत शेजारच्या वस्तीला मोजावी लागते. पिल्ले जिथे सापडली तिथेच सुरक्षित ठेवली, तर मादी बहुधा रात्रीतून त्यांना घेऊन जाते, हा वनखात्याचा या पट्ट्यातला अनुभव आहे. अकोले तालुक्याच्या शेतशिवारात वन्यजीव संशोधक डॉ. विद्या अत्रेय यांनी माणसांच्या दाट वस्तीतही बिबटे राहतात हे कॅमेरे लावून दाखवले. 2009 साली टाकळी ढोकेश्वरच्या विहिरीत पडलेल्या एका बिबट्याला गळ्यात कॉलर बांधून माळशेज घाटात सोडले, तर तो सुमारे सव्वाशे किलोमीटर चालत मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानापर्यंत गेला. त्याचे नाव 'आजोबा' पडले, त्याच्यावर मराठी चित्रपटही निघाला. ज्याच्या पायांना एवढी चाल लागते, त्याला अंगणातल्या साखळीत काय मिळणार? मकाव पन्नास वर्षे जगू शकतो. घेणाऱ्याची हौस पन्नास वर्षे टिकते का, हे ज्याने त्याने स्वतःला विचारावे.

तिसरे कारण आरोग्याचे. खेळण्यातल्या नाण्याएवढी कासवे मुले हाताळतात, तोंडाजवळ नेतात आणि त्यांतून साल्मोनेलाचा जंतुसंसर्ग होतो, म्हणून अमेरिकेने 1975 सालीच चार इंचांहून लहान कवचाच्या कासवांच्या विक्रीवर बंदी आणली. 2003 मध्ये त्याच देशात घानाहून आलेल्या उंदरांमुळे पाळीव प्रेअरी डॉगना मंकीपॉक्स झाला आणि त्यांच्याकडून माणसांना. करोनातून गेलेल्या पिढीला याहून जास्त सांगायला नको.

चौथे कारण पाण्याचे आहे आणि ते आपल्या अगदी जवळचे. बाजारात मिळणारे, कानाशी लाल पट्टा असलेले छोटे कासव मुळात अमेरिकेच्या मिसिसिपी खोऱ्यातले. काही वर्षांत ते ताटाएवढे होते, घाण करते, टाकी पुरत नाही. मग "सोडून देऊ, पुण्य लागेल" म्हणून ते कालव्यात सोडले जाते. श्रीरामपुराला प्रवरेचा कालवा आहे, बेलापूर प्रवरेकाठी आहे. प्रवरा नेवाशाजवळ गोदावरीला मिळते आणि पाणी नाथसागरात जाते. जायकवाडीचे पक्षी अभयारण्य तिथेच आहे. एका घरातून सुटलेला परका जीव एवढा प्रवास करू शकतो. शोभेच्या टाकीतून सुटलेला सकर मासा उजनीच्या मच्छीमारांच्या जाळ्यात कसा येऊ लागला, हे त्यांना विचारा. सोडणाऱ्याला पुण्य वाटते, आणि नदीतल्या देशी कासवांचे, माशांचे घर जाते.

या सगळ्यावर एक जुना आक्षेप उरतो: "प्रकाश आमट्यांनी नाही का बिबटे, अस्वले सांभाळली?" सांभाळली, पण त्यांनी ती हौसेने आणली नव्हती. हेमलकशात शिकारीत आईवेगळी झालेली पिल्ले त्यांनी आसरा म्हणून घेतली, आणि तो आश्रय केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाच्या मान्यतेखाली आला. त्यांच्यासारख्या माणसालाही नियमांना उत्तर द्यावे लागते. मग आपल्या हौसेला सूट कशासाठी?

मात्र या कायद्याची दुसरी बाजू बोलल्याशिवाय हा लेख प्रामाणिक राहणार नाही. त्याचा पहिला मार गरिबांवर पडला. गारुड्याची टोपली गेली; 1998 च्या अधिसूचनेने अस्वल आणि माकडाचा खेळ बंद झाला. प्राण्यांच्या दृष्टीने ते योग्यच झाले. पण दरवेशाला, माकडवाल्याला दुसरे काम कोण देणार याची काळजी त्या मानाने फार थोड्यांनी केली. इंग्रजांनी गुन्हेगार ठरवलेल्या आणि 1952 मध्ये त्या शिक्क्यातून मोकळ्या झालेल्या जमातींच्या पालावर छापा घालणे सोपे, बंगल्याची बेल वाजवणे अवघड. विदेशी प्राणी बाळगणाऱ्यांना मात्र 2020 साली सरकारने सहा महिन्यांची मुदत दिली: स्वखुशीने नोंद करा, कागदपत्रे विचारणार नाही. साखळीच्या खालच्या टोकाला छापा आणि वरच्या टोकाला सवलत, हा न्याय नव्हे. म्हणूनच नवा कायदा घराच्या आत शिरतो, ही त्याची जमेची बाजू आहे. फासे लावणाऱ्यापेक्षा पिंजरा टांगणाऱ्याची जबाबदारी मोठी आहे. पहिल्यापाशी पोट आहे, दुसऱ्यापाशी फक्त हौस.

आणि आपल्या मातीने या हौसेला कधी आशीर्वाद दिलेला नाही. श्रीरामपुराहून जवळच नेवासे. ज्ञानदेवांनी 1290 साली तिथे ज्ञानेश्वरी सांगितली. त्यांनी जिवाजिवांत मैत्र मागितले. मालकी मागितली नाही.

मग करायचे काय? घरात राघू असेल तर पिंजऱ्याचे दार उघडून त्याला परस्पर उडवू नका; पंख कातरलेला, हाताने भरवलेला पक्षी बाहेर दोन दिवसही टिकत नाही. वनखात्याला कळवा. 1926 हा त्यांचा फोन क्रमांक आहे. उसात पिल्ले दिसली तर हात न लावता माणसे बाजूला करा आणि तोच क्रमांक फिरवा. साइटीसच्या यादीतला प्राणी घरी असेल तर नोंद करा. नको झाला म्हणून कालव्यात सोडू नका. पिल्ले विकायला येतात तो बाजार ओळखीचा असेल, तर तिथे "दया आली म्हणून" एक विकत घेऊन सोडवण्याच्या भरीस पडू नका; त्या पैशांतून पुढच्या वर्षी आणखी दोन ढोल्या फुटतात. शाळांनी, तरुण मंडळांनी ही माहिती गावात सांगावी. सोबतच हवी असेल तर रस्त्यावरचे कुत्र्याचे पिल्लू घरी आणा, लस टोचा, नसबंदी करा. तेही प्रेमाचेच काम आहे, आणि त्यात कुणाचे घरटे मोडत नाही.

कायद्याला प्रत्येक ओसरीवर पाळत ठेवता येणार नाही. ते काम घरातल्या मोठ्यांचे आहे. पुढच्या वाढदिवसाला मुलाने पोपट किंवा कासव मागितले तर नाही म्हणा, आणि का नाही तेही सांगा: ते पिल्लू कुठून आणले जाते, वाटेत किती मरतात, मोठे झाल्यावर त्याचे काय होते. नुसता नकार ऐकून मूल रुसेल. कारण ऐकलेले मूल उद्या शेजाऱ्याच्या पिंजऱ्यापाशी उभे राहून तोच प्रश्न विचारील, आणि मग त्या शेजाऱ्यालाही उत्तर द्यावे लागेल.